उजवी सोंड, हेतुपुरस्सर

मधुकर निजसुरे यांनी ओला स्पंज पिळला, चष्मा नाकावर नीट बसवला आणि लाकडी चित्रावरचा कागद पुसून काढण्यासाठी ते वाकले. पुसायला कागदच नव्हता.

चित्रावरून त्यांनी नुकतेच मूर्तिशास्त्राचे जाडजूड खंड उतरवले होते. कोपरखैरण्याच्या फ्लॅटमधल्या बंद केलेल्या गॅलरीत हे खंड आदल्या दिवसापासून एका प्लायच्या फळीवर रचलेले होते. गोंद सुकेपर्यंत दाब द्यायला शिकंजे नव्हते, खंड मात्र मुबलक होते. या ग्रंथसंपदेचा संसाराला झालेला हा पहिलाच उपयोग, असे त्यांच्या पत्नीचे, मीनाताईंचे, मत होते आणि ते त्यांनी खंड रचताना एकदा व उतरवताना एकदा नोंदवले होते.

"अहो, गाडी येईल आता. सदरा कधी घालणार?" मीनाताई दारातून म्हणाल्या.

"कागद कुठे गेला?"

"कुठला कागद?"

"चित्रावर चिकटवलेला. तो वर असायला हवा होता."

मीनाताई जवळ आल्या. फळीवर गणपती होता. हळदूच्या लाकडाचा पिवळा देह, शिसवीची काळपट प्रभावळ, खाली सागवानी पाट. सांधे बऱ्यापैकी जुळलेले होते. मीनाताईंनी हात जोडले आणि जोडलेले हात तसेच ठेवून मान कलती केली.

"सोंड डावीकडे काढली होतीत ना तुम्ही?"

"डावीकडेच काढली होती."

"ही उजवीकडे आहे."

"दिसते आहे मला."

"आणि मोदक उजव्या हातात आलाय. आशीर्वाद डाव्या हातानं देतोय हो हा!"

"मीना, मी या विषयाचा प्राध्यापक होतो."

"म्हणूनच विचारतेय."

झाले होते ते असे. या कामात लाकडाचे कागदासारखे पातळ पापुद्रे चित्राच्या आकारांत कापायचे असतात. बाजारात त्यांना व्हिनियर म्हणतात. कापलेले तुकडे एकमेकांत बसवायचे आणि सुटू नयेत म्हणून दर्शनी बाजूने गोंदाच्या कागदी पट्ट्या लावायच्या. मग कागदाची बाजू वर ठेवून सगळे चित्र फळीवर चिकटवायचे आणि सुकल्यावर कागद ओला करून पुसून टाकायचा. तुर्भ्याला वडिलांच्या लाकडाच्या वखारीत सुट्टीच्या दिवशी हौशी लोकांना हे शिकवणाऱ्या सफियाने ते अगदी स्वच्छ शब्दांत सांगितले होते. "काका, सगळे इथेच माती खातात. कागद कायम वर. खाली कोरं लाकूड." त्या क्षणी मधुकरराव शेजारच्या बाकावरील निवृत्त बँक अधिकाऱ्याला, या कलेला 'जडावकाम' म्हणणे अशास्त्रीय का आहे, हे समजावून देत होते. शिकवण्याची सवय जडलेल्या माणसाला शिकण्यासाठी जी एक गोष्ट करावी लागते, ती ऐकण्याची, आणि ती त्यांनी नोकरीला लागल्यापासून केलेली नव्हती.

घरी एकांतात त्यांनी तर्क चालवला. लाकूड सुंदर, कागद कुरूप. सुंदर ते बाहेर असावे, कुरूप ते आत. पुस्तकाच्या बांधणीतही खळ लावलेला कागद आतच जातो. युक्तिवाद निर्दोष होता. फळीवर गोंद पसरला, कागद खाली करून चित्र ठेवले, गोंद सुकेल या घाईत वर वर्तमानपत्र टाकून खंड रचले. कागद कायमचा पोटात गेला आणि गणपती, आरशात पाहावा तसा, उलटला.

"आता काय करायचं?" मीनाताईंनी विचारले. "अस्मिताला सांगू का, राहिलं म्हणून?"

"नाही."

हा नकार इतका तातडीने आला की मीनाताईंनी नवऱ्याकडे नीट पाहिले. त्यांना कारण माहीत होते.

अस्मिता ही निजसुऱ्यांची एकुलती मुलगी. तिने शिरवण्याच्या प्रसाद म्हात्रेशी लग्न केले, तेव्हा मधुकररावांनी विरोध केला नव्हता. विरोध करणे हे असंस्कृत माणसांचे काम. त्यांनी जातीचा उच्चारही केला नाही; त्यांनी 'वातावरण' हा शब्द वापरला. दोन घरांचे वातावरण भिन्न आहे, एवढेच ते म्हणाले आणि मग लग्नाच्या मांडवात पाहुण्यासारखे उभे राहून, अक्षता टाकून, जेवणाच्या आत घरी आले. सुशिक्षित घरांत माणसाला असेच घराबाहेर काढतात, आवाज न करता. नंतर अस्मिता येत असे ती आईकडे. वडिलांशी ती हवामानावर बोले. प्रसाद त्यांना 'सर' म्हणे, कारण दुसरे काही म्हणण्याची परवानगी त्याला कोणी दिली नव्हती.

आणि मग अस्मिता-प्रसादने खांदेश्वरला नवे घर घेतले, वास्तुशांत ठरली, आणि अस्मिताने फोनवर आईऐवजी वडिलांना बोलावले. "बाबा, आई सांगत होती, तुम्ही लाकडाचं काहीतरी शिकताय. देव्हाऱ्याच्या मागे लावायला तुमच्या हातचा गणपती द्याल? साधाच. डाव्या सोंडेचा." मधुकरराव 'बघतो' म्हणाले. फोन ठेवल्यावर ते बराच वेळ गॅलरीत उभे होते आणि बोटाला लागलेला गोंद सोलत होते.

म्हणून ते रिकाम्या हाताने जाणार नव्हते.

"कोणाच्या लक्षात येणार नाही," त्यांनी सदऱ्याची बटणे लावत सांगितले. "लोक मूर्ती पाहत नाहीत, लोक नमस्कार करतात. माझं सगळं संशोधन याच सिद्धांतावर उभं आहे."

* * *

सिद्धांत कोसळायला फार वेळ लागला नाही. खांदेश्वरच्या फ्लॅटमध्ये होम आटोपला होता आणि धुरामुळे सगळ्यांचे डोळे लाल होते. मधुकररावांनी फळीवरचे कापड बाजूला केले. बायकांनी 'अय्या' म्हटले, पुरुषांनी 'हाताने केलंय?' असे विचारले, प्रसादने मोबाइलवर फोटो काढला. प्रसादची आजी गिरजाबाई तेवढी खुर्चीतून उठून फळीच्या अगदी जवळ आली. शिरवण्यात तिच्या शब्दाशिवाय लग्न ठरत नसे आणि भांडण मिटत नसे. तिने नमस्कार केला नाही. तिने पाहिले.

"सोंड कंच्या अंगाला हाय?"

"आजी, उजवीकडे आहे," प्रसाद हळू आवाजात म्हणाला.

"मना दिसतंय. मना त्येंच्या तोंडून आयकाचा हाय."

उजव्या सोंडेचा गणपती म्हणजे काय, हे त्या खोलीत कोणाला सांगावे लागणार नव्हते. तो कडक. त्याला सोवळे लागते, नेमाची पूजा लागते, आणि तो ज्या घरात असतो त्या घरात चुलीवर मासळी चढत नाही. स्वयंपाकघरात, थर्माकोलच्या खोक्यात बर्फ घालून, दुसऱ्या दिवशीच्या भावकीच्या जेवणाची सुरमई आणि कोळंबी ठेवलेली होती. सगळ्यांची नजर एकदा गणपतीकडे, एकदा स्वयंपाकघराकडे आणि शेवटी व्याह्यांकडे गेली.

अस्मिताने वडिलांना दंडाला धरून आतल्या खोलीत नेले आणि दार लोटले.

"बाबा, खरं सांगा. चुकून झालं की मुद्दाम?"

मधुकररावांनी चष्मा काढून सदऱ्याच्या टोकाने पुसायला घेतला.

"कॉलेजात असताना तुमचा तो लेख मीच टाइप केला होता. उजव्या सोंडेचं सोवळं वगैरे मागाहून जोडलेलं आहे, त्याला जुना आधार नाही, असं तुम्हीच लिहिलंय. म्हणजे श्रद्धेनं तर तुम्ही हे केलेलं नाही. मग चुकलात? का आमच्या घरात म्हावरं शिजू नये म्हणून केलंत?"

'म्हावरं' हा शब्द तिच्या तोंडात इतका रुळला होता की मधुकरराव क्षणभर त्याच्याकडेच पाहत राहिले. मग प्रश्न त्यांच्यापर्यंत पोहोचला. पळवाट मुलीने स्वतःच, त्यांच्याच लेखाचा दगड लावून, बंद केली होती. उरले होते दोन पर्याय. एक तर अनाडी ठरायचे, आयुष्यभर ज्या देवाच्या सोंडेवर व्याख्याने दिली त्याची सोंड उलटी चिकटवणारा अनाडी. नाही तर दुष्ट ठरायचे. दुष्टपणाला निदान हेतू असतो, योजना असते, तो काही बुद्धीवर डाग नव्हे. विद्वान माणसाने जे निवडले असते, तेच त्यांनी निवडले.

"हेतुपुरस्सर आहे," ते म्हणाले.

"आणि डाव्या हातानं आशीर्वाद?"

"तोही."

अस्मिताने मान हलवली. डोळ्यांत पाणी वगैरे आले नाही. तिने फक्त दार उघडले आणि बाहेरच्यांना, पाहुण्यांच्या चहाबद्दल सांगावे तशा आवाजात, सांगितले, "बाबा म्हणतात, मुद्दाम केलाय."

मीनाताईंनी पदराने कपाळ टिपले. प्रसादने ओठ घट्ट मिटले. खोलीतल्या प्रत्येकाला कळले, की लग्नात जे बोलले गेले नव्हते ते आता शिसवीत आणि हळदूत, कायमच्या गोंदाने, बोलले गेले आहे.

गिरजाबाई तेवढी शांत होती.

"परसाद, ते खोका उचल आन् शिरवन्याला नेऊन टाक. देवाम्होरं म्हावरा नको."

"आजी, अगं पण उद्या..."

"उद्याचा जेवान शिरवन्याला. कडक देव आलाय घरान. त्येच्याशी मस्ती नाय करायची."

प्रसाद खोके डोक्यावर घेऊन लिफ्टकडे गेला. गिरजाबाई मग मधुकररावांकडे वळली. चेहऱ्यावर राग नव्हता. ती व्यवहार करत होती.

"व्याहीबुवा, देव तुमी आनलाव. कडक हाय, ते बी तुमीच सांगतांव. आता ह्ये घर आमचं, आमी खानारी-पिनारी मानसं, आमच्या हातची पूजा त्येला चालंल का?"

या प्रश्नाचे प्रामाणिक उत्तर मधुकररावांच्या लेखात होते. "शास्त्रतः... सोवळ्यात व्हायला हवी," ते म्हणाले.

"मंग सोवलं तुमच्याकरं. रोज सकालच्याला येयाचा आन् पूजा करून जायाचा."

"रोज?"

"कडक हाय ना?"

मधुकररावांनी आधारासाठी मीनाताईंकडे पाहिले. मीनाताई देव्हाऱ्याची समई लावण्यात गुंतल्या होत्या आणि त्या कामाला एवढे लक्ष लागते, हे त्यांनी यापूर्वी कधी दाखवले नव्हते.

* * *

येथे एक अडचण नमूद केली पाहिजे. मधुकररावांना पूजा येत नव्हती. मूर्तीच्या दागिन्यांवरून ते तिचे शतक सांगू शकत, पण तिच्यापुढे काय करायचे असते, हा विषय त्यांनी भटजींवर आणि बायकांवर सोडून दिलेला होता. पहिल्या दिवशी त्यांनी आचमनाचे पाणी सदऱ्यावर सांडले. दुसऱ्या दिवसापासून ते गाडीत मोबाइलवर पूजेचे व्हिडिओ पाहू लागले.

शिवाय सोवळे होते. घरून सोवळे नेसून निघणे अशक्य, म्हणून पीतांबर पिशवीत. खांदेश्वरला पोहोचले की दारातच गिरजाबाईचा आवाज. ती आता मुक्कामालाच आली होती, देवाचे नीट होते की नाही ते पाहायला.

"थांबा थांबा! कोनाला शिवू नका. गाडीतून आलाव, कोनाकोनाला लागलाव. पयले आंघोल करा."

"मी घरून करूनच निघालोय."

"ती तुमच्या घरची. कडक देवाला नाय चालत."

मग मुलीच्या न्हाणीघरात पुन्हा आंघोळ. ओलेत्याने बाहेर यायचे, भिंतीला अंग लागू न देता देवघरापर्यंत जायचे. वाटेत अस्मिता आली तर तिने बाजूला व्हायचे, प्रसादने दोन पावले मागे जायचे, आणि गिरजाबाईने काठीने वाट दाखवायची. ज्या घराच्या 'वातावरणा'बद्दल मधुकररावांनी एकेकाळी चिंता व्यक्त केली होती, त्या घरात शिवाशिव आता फक्त एका माणसाला लागू होती. तो माणूस पंचा सावरत ती पाळत होता. आपल्याशी कोणी कसे वागत आहे, हे त्यांच्या लक्षात आले की नाही, सांगता येत नाही. ते विद्वान होते, त्यांना बाकी बरेच दिसत असे.

मासळीचा प्रश्न गिरजाबाईने आठवडा उलटताच निकालात काढला. प्रसाद रोज संध्याकाळी जेवायला शिरवण्याला जाई आणि नव्या घरात अस्मिता एकटी वरणभात खाई, हे तिला पसंत नव्हते. तिने देव्हाऱ्याला जाड मखमली पडदा शिवून घेतला.

"पूजा झाली, निवद झाला, परदा पाडला. देव निजला. मंग चूल आमची."

"असा शास्त्रात..." मधुकररावांनी सुरुवात केली.

"शास्त्रात नसंल तर सांगा. तुमी सांगल तसा करू."

मधुकररावांनी विचार केला. नाही म्हटले तर आपण मासळी बंद करायलाच हा गणपती आणला, हे कायमचे सिद्ध होणार. "शास्त्रात आहे," ते म्हणाले. "शय्योपचार."

अशा रीतीने त्या घरातला सगळा कडकपणा हळूहळू गळून गेला आणि उरला तेवढा एकट्या मधुकररावांच्या वाट्याला आला.

पण सोवळ्याने एक घडवले. पूजा चालू असताना अस्मिताला त्यांच्या जवळ जाता येत नसे, म्हणून ती उंबऱ्याबाहेर, स्टुलावर, चहाचा कप घेऊन बसे. पहिले काही दिवस ती नुसतीच बसली. मग एकदा वर्तमानपत्र घेऊन बसली आणि मथळे मोठ्याने वाचू लागली. सोवळ्यामुळे वडिलांना चष्माही काढून पूजा करावी लागत असे, त्यांना बातम्या वाचता येत नसत. एका मथळ्यावर मधुकरराव गंध उगाळता उगाळता म्हणाले, "हे वाक्य व्याकरणाने चूक आहे आणि बातमी अर्थाने." अस्मिता म्हणाली, "बातमी बरोबर आहे. तुम्हाला पटत नाही, एवढंच." मग ती दोघे भांडली. शाळेत असताना ती सकाळी अशीच भांडत दूध पीत असे. नैवेद्य दाखवायचा राहून गेला. गिरजाबाईने काठी आपटली.

"देव उपाशी हाय! भांडान मागनं करा."

दुसऱ्या दिवशी मधुकरराव नेहमीच्या आधीची गाडी पकडून आले. मीनाताईंनी कारण विचारले नाही.

* * *

उलट्या चिकटवलेल्या वस्तूचे सत्य फार काळ दबून राहत नाही, कारण कागदी पट्टीचा गोंद पाण्याने सुटतो. सफियाने हेही सांगितले होते. मधुकरराव रोज दूर्वा पाण्यात बुडवून चित्रावर शिंपडत, नेमाने आणि भरपूर. पाणी सांध्यांतून आत झिरपे. एका सकाळी त्यांनी पडदा बाजूला केला, तेव्हा गणपतीच्या सोंडेचे टोक फळीपासून सुटून वर उचललेले होते.

ते पहिल्यांदा पाहिले शेजारच्या शर्मिलावहिनींनी. त्या हळदीकुंकवाचे आमंत्रण द्यायला आल्या होत्या.

"अगं बाई! बाप्पानं सोंड उचलली!"

मधुकररावांनी त्यांना थांबवण्यापूर्वी त्या जिन्यात होत्या. थोड्याच वेळात सोसायटीच्या लिफ्टपुढे दूर्वा, नारळ आणि मोबाइल घेतलेल्या माणसांची रांग लागली. वॉचमन चपला एका बाजूला लावून घेत होता. कोणीतरी आरती सुरू केली. प्रत्येक भाविक सोंडेवर पाणी शिंपडत होता आणि प्रत्येक शिंपडण्याबरोबर सोंड आणखी वर येत होती, त्यामुळे भाविक वाढत होते. मूर्तिशास्त्राचा निवृत्त प्राध्यापक, पीतांबर नेसून, पळी-पंचपात्र हातात धरून, या सगळ्याच्या मधोमध उभा होता. लोक त्यांच्याही पाया पडू लागले.

"गुरुजी, अजून काय काय करतो हा?" एका तरुणाने विचारले.

"मी गुरुजी नाही."

"मग तुम्ही कोण?"

मधुकररावांनी पळीभर तीर्थ त्याच्या हातावर घातले.

गिरजाबाई गर्दीतून वाट काढत पुढे आली. तिने सोंडेखाली नख घातले, वाकून पाहिले आणि सरळ झाली.

"सोंड नाय हलली. चिकटवल्येली सुटली. आत कागद हाय. जा सगली आपापल्या घरा!"

लोक नाराज होऊन गेले. अस्मिताने त्या सुटलेल्या टोकाखाली पाहिले, मग वडिलांकडे, आणि मोबाइल काढून सफियाला व्हिडिओ कॉल लावला. आईने दिलेला नंबर तिच्याकडे होता.

"सफिया, मी निजसुरे सरांची मुलगी. हे बघ ना, सोंड सुटलीय. आत कागद दिसतोय."

पडद्यावर सफियाचा चेहरा जवळ आला, मग तिने कपाळावर हात मारला. मागे वखारीत करवत चालू होती, म्हणून ती ओरडून बोलत होती आणि सगळ्या घराला ऐकू जात होते.

"काकाऽ! कागद खाली लावलात? अहो, पहिल्याच दिवशी सांगितलं होतं ना, कागद वर! म्हणजे सगळं उलटं झालं असणार. तुमची तर डावी सोंड होती! मी स्वतः बघितलीय."

करवत थांबली.

"म्हणजे," अस्मिता सावकाश म्हणाली, "तुम्ही मुद्दाम नव्हतं केलं."

मधुकररावांनी पळी ताम्हनात ठेवली. "नाही."

"चुकलात."

"हो."

"साधं चुकलात? कागद उलटा लावलात?"

"अस्मिता, मी 'हो' म्हटलं आहे."

ती हसू लागली. तोंडावर हात धरून, मग हात न धरता, मग भिंतीला टेकून. प्रसाद हसू लागला, मीनाताईंना फोन लावला गेला आणि त्याही तिकडून हसू लागल्या. आपले वडील दुष्ट नाहीत, फक्त अनाडी आहेत, या बातमीने एवढा आनंद झालेली मुलगी मधुकररावांनी पाहिली नव्हती. ही बातमी त्यांना पहिल्याच दिवशी, विनासायास, देता आली असती, हे त्यांना तेव्हाच कळले.

"येवढंच व्हतं त पयलेच सांगाचा ना," गिरजाबाई म्हणाली. "चुकी मानसाकरशीच होते. आता असा करा, नवीन बनवा. डाव्या सोंडेचा. त्येला आमची पूजा चालंल. तुमची बी दगदग सुटंल."

"सुटेल," मधुकरराव म्हणाले.

* * *

फळी काढून ठेवली. देव्हाऱ्यात आता तसबिरीतला गणपती होता आणि त्याची पूजा अस्मिता ऑफिसला जाताना करत असे. मधुकररावांच्या सकाळी मोकळ्या झाल्या. ते वर्तमानपत्र वाचत, मथळ्यांतल्या चुका काढत आणि त्या मीनाताईंना सांगत. मीनाताई "असेल" म्हणत.

तुर्भ्याला मात्र ते नेमाने जात. आता ते बोलत नव्हते, ऐकत होते, आणि बँक अधिकाऱ्याला वाटू लागले की यांची तब्येत ठीक नसावी. त्यांनी नवे चित्र काढले, पापुद्रे कापले, सांधे इतके घट्ट बसवले की सफियाने फिरवलेले नख कुठेही अडकले नाही. पट्ट्या दर्शनी बाजूने लावल्या. गोंद पसरला. कागद वर ठेवला. वखारीतल्या शिकंज्यांत फळी आवळली. सुकल्यावर त्यांनी ओल्या स्पंजाने कागद पुसला आणि खालून गणपती स्वच्छ वर आला.

सफिया पाहत राहिली.

"काका, एकदम प्रोफेशनल काम झालंय. पण..." तिने मान कलती केली. "सोंड उजवीकडे आहे."

"हो."

"कागद तर वर होता. उलटं कसं झालं?"

"उलटं झालेलं नाही. चित्रच तसं काढलं आहे."

"चुकून?"

"हेतुपुरस्सर," मधुकरराव म्हणाले आणि फळी जुन्या वर्तमानपत्रात गुंडाळू लागले.

खांदेश्वरला सगळे जमले होते. कापड बाजूला झाले. गिरजाबाई खुर्चीतून उठली, जवळ आली, तिने पाहिले.

"आता?"

मधुकररावांनी घसा साफ केला. आयुष्यात कुठल्याही व्यासपीठावरून जे वाक्य त्यांनी उच्चारले नव्हते, ते त्यांनी बऱ्यापैकी स्पष्ट उच्चारले. "पुन्हा चुकलं. उलटं चिकटलं."

"दोन येला?" प्रसाद म्हणाला. "काय बाबा!" आणि 'सर' म्हणायचे राहून गेले, हे त्याच्याही लक्षात आले नाही.

"र्‍हाऊ दे, हसू नुको त्येंना," गिरजाबाई म्हणाली. "नाय जमत एकेका मानसाला. व्याहीबुवा, तुमच्या नशिबान पीतांबरच हाय. परदा शाबूत हाय आपला. उद्यापास्नं येत जा."

अस्मिताने सांध्यांवरून बोट फिरवले. कुठेही फट नव्हती, कुठेही फुगवटा नव्हता. मग तिचे बोट आशीर्वादाच्या हातापाशी येऊन थांबले. चित्र उलटे चिकटले असते तर मागच्या वेळेसारखा हातही उलटला असता. हा हात उजवा होता. मोदकही असायला हवा तिथेच, डाव्या हातात होता. या फळीवर फक्त सोंड तेवढी वळली होती.

तिने वडिलांकडे पाहिले. वडील छताच्या पंख्याकडे पाहत होते.

"मग उद्या येताना दूर्वा घेऊन या, बाबा," ती म्हणाली. "इकडे कुठे मिळत नाहीत."

खांदेश्वर स्टेशनाबाहेर दूर्वांच्या जुड्या घेऊन बसलेल्या बायका मधुकररावांनी येतानाच पाहिल्या होत्या.

"आणतो," ते म्हणाले.